संकलकाचे नाव कोणी खाल्ले?

गेल्या वर्षी दिवाळीच्या तोंडावरची गोष्ट. शीव कोळीवाड्याला माझी थोरली बहीण राहते. तिच्या दहा बाय बाराच्या खोलीत त्या रात्री आठाच्या ठोक्याला नऊ माणसे दाटीवाटीने बसली होती. पलंगावर बीजी. बीजी म्हणजे पंजाबी कॅम्पातल्या. फाळणीनंतर आईचे बोट धरून इथे आल्या आणि इथल्याच झाल्या. दाराशी, पाय बाहेर सोडून, कोळीवाड्यातली मावशी. मासळीची पाटी घरी टाकून थेट आलेली. बाकी सारा शेजारपाजार. टीव्हीसमोर स्टुलावर पेढ्यांचा पुडा आणि त्यावर ताईने झाकलेला धुतलेला रुमाल. कारण काय? तर ताईचा मुलगा, माझा भाचा, सहा वर्षे दुसऱ्यांच्या हाताखाली राबून एका मराठी मालिकेचा संकलक झाला होता आणि त्या रात्री त्याचे नाव पडद्यावर येणार होते. तो स्वतः घरी नव्हता. तो गोरेगावला एका बिनखिडकीच्या खोलीत उद्याचा भाग कापीत बसला होता.

मालिका संपली. सुनेने सासूला काय उत्तर दिले ते उद्यावर राहिले आणि नावे सुरू झाली. सुरू झाली म्हणजे काय, तर चित्र एकाएकी आक्रसून कोपऱ्यात गेले, त्याच्या जागी कपडे धुण्याच्या साबणाची जाहिरात नाचू लागली आणि तळाशी मुंग्यांची रांग जावी तशी अक्षरांची एक रांग सरसरत निघून गेली. मी चष्मा पुसेपर्यंत ती संपलीदेखील. ताईने माझ्याकडे वळून विचारले, "आलं का रे नाव?"

मी म्हणालो, "आलं."

पेढे वाटले गेले. बीजींनी ताईच्या डोक्यावर हात ठेवून मुलाला आशीर्वाद दिला. मावशीने दोन पेढे जास्त मागून घेतले, घरच्या नातवंडांसाठी. आणि मी मान खाली घालून माझा पेढा खाल्ला.

सख्ख्या बहिणीशी, तिच्या आयुष्यातल्या एका चांगल्या दिवशी, मी खोटे बोललो. मला बोलायला लावले गेले. तेव्हापासून पोटात जो संताप साठला आहे तो आज वर्षभराने या पानांवर उतरवीत आहे. ऐन सणात फराळाच्या ताटाशेजारी भांडण आणून ठेवतो, याबद्दल वाचकांनी मोठ्या मनाने क्षमा करावी. पण हे भांडण घरोघरच्या त्याच खोक्याशी आहे, आणि तो खोका तर फराळाच्या ताटाशेजारी असतोच.

आधी माझी ओळख. मी जन्मभर गिरगावातल्या एका छापखान्यात मुद्रिते तपासली. पुस्तकात चूक राहिली की माझे नाव निघे. न राहिली की कोणाचेच निघत नसे. तेव्हा कोणी म्हणेल, म्हातारा भाच्याच्या आडून स्वतःचेच रडगाणे गातो आहे. गातो तर! ज्याचे जळते त्याला कळते. पण माझ्या रडगाण्यापेक्षा भाच्याचे गाऱ्हाणे मोठे आहे, कारण मुद्रितशोधक लेखकाचे शब्द जसेच्या तसे राखतो आणि संकलक दुसऱ्यांनी केलेल्या कामातून नवी वस्तू उभी करतो.

त्या रात्री मावशीने पेढा चघळता चघळता विचारलेच, "पण तुमचा पोरगा नक्की करतो काय?"

मी म्हटले, "कापतो."

"म्हणजे माझ्यासारखाच की!" ती म्हणाली आणि खोलीभर हसू पसरले. पण मला ते उत्तर फार पटले. मावशीच्या कोयत्याखाली सुरमई कशी जाते ते ज्याने पाहिले असेल त्याला ठाऊक आहे की तुकडी किती जाड पाडायची, काय टाकायचे, डोके कोणत्या गिऱ्हाइकाला वेगळे बांधून द्यायचे हे तिला कोणी सांगावे लागत नाही. मासा समुद्राने दिला, पैसे गिऱ्हाइकाने दिले. पण कालवणाची निम्मी चव त्या कोयत्याने ठरवली. संकलकाचे असेच आहे. भाच्याकडे तीन कॅमेऱ्यांनी टिपलेले तेच दृश्य तीन बाजूंनी येते. नट चुकला म्हणून पुन्हा, दिवा फडफडला म्हणून आणखी एकदा. त्या ढिगाऱ्यातून वीस-बावीस मिनिटे काढायची. सासू बोलते तेव्हा सासूचा चेहरा दाखवायचा की ऐकणाऱ्या सुनेचा? सुनेने पापणी लववली, ती ठेवायची की एक क्षण आधी कात्री मारायची? लेखकाने वाक्य लिहिले, नटीने ते म्हटले, दिग्दर्शकाने ते घेतले. पण ते वाक्य तुम्हांआम्हांला लागते की नाही, याचा निवाडा त्या बिनखिडकीच्या खोलीत होतो.

हे माझे अतिशयोक्त बोलणे वाटत असेल तर शंभर वर्षांपूर्वीचा रशियातला दाखला पाहा. कुलेशोव नावाच्या दिग्दर्शकाने एका नटाच्या निर्विकार चेहऱ्याची एकच चित्रफीत घेतली. तिच्यापुढे एकदा रश्श्याची वाटी जोडली, एकदा शवपेटी, एकदा एक तरुण स्त्री. चेहरा तोच, पण पाहणारे म्हणू लागले, काय भूक दाखवली, काय शोक दाखवला, काय अभिलाषा दाखवली! नटाने काहीच दाखवले नव्हते. दाखवले ते जोडणाऱ्याने. टाळ्या मात्र नटाला.

आपल्याकडे या कलेचा आरंभच मुळी दादरला झाला. दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र' दादरच्या मेन रोडवरच्या घरी राहून तयार केला आणि ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये तो लोकांपुढे आला. लिहिणारे, घेणारे, जोडणारे सारे दादासाहेबच. कोऱ्या फितीला कडेने भोके पाडण्याचे किचकट काम सरस्वतीबाई करीत आणि वर साऱ्या मंडळींचा स्वयंपाकही रांधीत. म्हणजे पडद्यामागे राबणाऱ्याचे नाव पडद्यावर न येण्याची चालही आपल्याकडे पहिल्या दिवसापासूनची!

पण आज मला सांगायची आहे ती वामन भोसल्यांची हकिकत. गोव्यात, बार्देशातल्या पोंबुर्फा गावी जन्मलेला हा माणूस १९५२ साली पोटासाठी मुंबईला आला. गोवा तेव्हा पोर्तुगिजांकडे. बॉम्बे टॉकीजमध्ये डी. एन. पै यांच्या हाताखाली तो कात्री धरायला शिकला. पुढे गोरेगावच्या फिल्मिस्तानात बारा वर्षे सहायक. बारा वर्षे! एका तपात ऋषिमुनींना देव प्रसन्न होतो. याला फक्त आणखी काम मिळाले. त्या काळी चित्रपट कापणे म्हणजे हाताची मजुरी होती. फितीवर सेकंदाला चोवीस चित्रे. फूटभर फितीत सोळा. म्हणजे मिनिटाला नव्वद फूट. अडीच तासांच्या चित्रपटाला साडेतेरा हजार फूट फीत लागते, आणि ही झाली शेवटी उरलेली. टाकलेली तिच्या कितीतरी पट. हातात पांढरे मोजे घालून, फीत दिव्यासमोर धरून, मूव्हिओलाच्या एवढ्याशा काचेत डोळा घालून तुकडा निवडायचा, कापायचा, चिकटवायचा. चुकले तर सोडवून पुन्हा. आणि कापून टाकलेला प्रत्येक तुकडा जपून टांगून ठेवायचा, कारण साहेब उद्या म्हणतील, कालचा तो हुंदका परत आण.

१९६९ साली राज खोसला यांच्या 'दो रास्ते'ने भोसल्यांची स्वतंत्र वाट सुरू झाली. पुढे गुरू शिराली यांच्या जोडीने त्यांनी किती चित्रपट कापले, त्याची यादी द्यायला मला हा अंक पुरायचा नाही. 'मेरा गाँव मेरा देश', 'आँधी', 'मौसम', 'कर्ज' एवढी नावे घेतली तरी पुरे. दोनशेंच्या वर चित्रपट! तुमच्याआमच्या पिढीने थेटरात जी आसवे ढाळली, शिट्ट्या मारल्या, खुर्चीची दांडी घट्ट धरली, त्यांतली पुष्कळशी या माणसाने मोजूनमापून दिली होती. २६ एप्रिल २०२१ रोजी ते गेले. महामारीचे दिवस होते. बातमी आली आणि इतर बातम्यांच्या गर्दीत गेली.

आता सरकारदरबारचा न्याय ऐका. चित्रपटांना राष्ट्रीय पुरस्कार द्यायला १९५४ साली सुरुवात झाली आणि पहिलेच सुवर्णपदक आचार्य अत्र्यांच्या 'श्यामची आई'ला मिळाले, हे प्रत्येक मराठी माणूस छाती फुगवून सांगतो. फुगवावीच. नटनटींना वेगळे पुरस्कार १९६७ सालच्या चित्रपटांपासून मिळू लागले. आणि संकलकाला? तो १९७७ सालच्या चित्रपटांपासून, म्हणजे पंचविसाव्या खेपेस! पहिली चोवीस वर्षे देशातले सारे चित्रपट बहुधा आपोआप जोडले जात असावेत. त्या पंचविसाव्या खेपेचा, संकलनाचा पहिलावहिला राष्ट्रीय पुरस्कार 'इनकार' या चित्रपटासाठी वामन भोसल्यांना मिळाला.

'इनकार' म्हटले की तुम्हांला काय आठवते, हे मी दहा ओळखीच्यांना विचारले. दहाही जण म्हणाले, 'मुंगडा'! उषा मंगेशकरांचा आवाज आणि हेलनचा नाच. नऊ जणांना विनोद खन्नाही आठवला. तो चित्रपट जपानच्या कुरोसावाच्या चित्रपटावर बेतलेला होता हेही एका विद्वानाने सांगितले. पण ज्या कामासाठी त्या चित्रपटाला देशातला पहिला मान मिळाला ते काम करणाऱ्याचे नाव? दहापैकी शून्य. आणि हे दहाही जण महाराष्ट्र-गोव्याचेच, 'आपला माणूस', 'आपला माणूस' म्हणून सदा कंठशोष करणारे.

हे असे नेहमीच नव्हते. २ ऑक्टोबर १९७२ ला मुंबईत दूरदर्शन आले आणि पुढे काही वर्षांनी कॅम्पात बीजींच्या घरी संच आला. आम्ही शनिवारी मराठी आणि रविवारी हिंदी चित्रपट बघायला सारे घर तिकडे नेत असू. माझ्या आजीला अक्षरओळख नव्हती. चित्रपटाची नावे तेव्हा सुरुवातीलाच येत, चांगली सावकाश, एकेक पान उलटावे तशी. वडील ती मोठ्याने वाचून दाखवीत. नट, नटी, गीते, संगीत, छाया, संकलन, अगदी केशभूषेपर्यंत. आजी प्रत्येक नावाला मान हलवी, जणू मंडळी एकेक करून घरात शिरत आहेत आणि ती 'या, बसा' म्हणते आहे. वडील गिरणीतले साधे जॉबर. त्यांना संकलन म्हणजे काय हे बहुधा कळत नसावे. तरी ते नाव गाळीत नसत.

वडिलांना जे साधत होते ते आज करोडोंची उलाढाल करणाऱ्या वाहिन्यांना साधत नाही. त्यांचे म्हणणे असे की वेळ म्हणजे पैसा. ठीक आहे, हिशेबच करू. नियमाने तासाला बारा मिनिटे जाहिराती दाखवता येतात. म्हणजे सातशेवीस सेकंद. अर्ध्या तासाच्या मालिकेच्या वाट्याला तीनशेसाठ. या तीनशेसाठ सेकंदांच्या जोडीला, मालिका करणाऱ्यांच्या नावांसाठी पडदाभर मोकळे असे दहा सेकंद मी मागतो. दहा! आमच्या लोकलला स्टेशनात याहून अधिक वेळ थांबायला मिळते. आणि तेही रोज नको, आठवड्यातून एकदा द्या. नाही म्हणता येईल का? पण ते म्हणत आहेत.

दुसरे म्हणणे अधिक शहाजोग आहे, आणि ते कलाप्रेमी मंडळींकडून येते. संकलनाची थोरवीच यात आहे की ते दिसू नये. मग संकलकाला तरी पुढे पुढे करण्याची हौस कशाला? वा रे न्याय! शिवण दिसू नये ही शिंप्याची कसोटी खरी. म्हणून दुकानावरची त्याची पाटी कोणी उतरवते का? आमच्या वस्तीचेच बघा. कोळंबी कोळीवाडा नावाचा पदार्थ या कॅम्पातल्या कढईत जन्मला असे आम्ही लहानपणापासून ऐकत आलो. आज दूरदूरच्या हॉटेलांतल्या पत्रिकेवर तो छापलेला असतो आणि त्यात आमच्या वस्तीचे नाव असते. तळलेल्या कोळंबीच्या ताटलीला जे नाव मिळते ते जिवंत माणसाला का मिळू नये?

आणि हा रोग आपल्याच मातीतला आहे असे समजून परदेशाकडे आशेने पाहणाऱ्यांसाठी आणखी एक गोष्ट. जो वॉकर नावाचा इंग्रज संकलक आहे. विद्यापीठात संगीत शिकला, आणि लंडनला बीबीसीच्या चित्रपट विभागात मदतनीस म्हणून लागला. दूरदर्शनच्या त्या खोल्यांत वर्षानुवर्षे घासून तो पुढे मोठ्या पडद्यावर गेला. म्हणजे आमच्या भाच्याच्याच वाटेचा प्रवासी, फार पुढे गेलेला. 'ड्यून' या चित्रपटासाठी मार्च २०२२ मध्ये त्याला ऑस्कर मिळाले. पण ते दिले कसे? त्या वर्षी ऑस्करवाल्यांनी ठरवले की कार्यक्रम फार लांबतो, तेव्हा आठ पुरस्कार थेट प्रक्षेपण सुरू होण्याआधीच उरकून घ्यावेत. त्या आठांत संकलन होते. ज्ञानी मंडळींनी आपल्या सोहळ्यातून कापण्यासाठी निवडले ते कापणाऱ्यालाच! आधी उरकलेले ते क्षण मागाहून छाटून कार्यक्रमात डकवण्यात आले. ते छाटण्याचे काम कोणी केले असेल? कोणातरी संकलकानेच. फार बोंब झाली आणि पुढच्या वर्षी हे आठही पुरस्कार पुन्हा सर्वांसमक्ष दिले गेले. तेव्हा बोंब मारल्याने काही होत नाही असे मला कोणी सांगू नये.

पण नुसत्या वाहिन्यांनाच का झोडपू? शीवच्या रूपम थेटरात मी स्वतः किती चित्रपट पाहिले असतील! 'समाप्त' दिसायच्या आत चपला शोधायला लागणाऱ्यांत मी होतो. हल्ली नावे शेवटी येतात. ती सुरू झाली की दिवे लागतात, झाडूवाला आत येतो आणि आम्ही उठतो, गाडी चुकेल म्हणून. घरच्या पडद्यावर तर पुढचा भाग पाच सेकंदांत आपोआप सुरू होतो आणि आम्हीच कौतुकाने म्हणतो, काय सोय आहे! जेवून उठल्यावर यजमानिणीकडे न बघता पायऱ्या उतरणाऱ्या पाहुण्याला आपण काय म्हणतो, ते मी सणासुदीला लिहीत नाही.

भाचा या प्रकरणी थंड आहे. मी त्याला फोन करून तणतणलो तेव्हा तो म्हणाला, "मामा, ते आमच्या हातात नसतं. आम्ही नावं पूर्ण पडद्यावर देतो. बारीक होतं ते चॅनेलकडे." मग जरा थांबून म्हणाला, "पण आईला दिसलं ना?" मी त्यालाही म्हणालो, "दिसलं." एका साबणाच्या जाहिरातीपायी दोन खोटी, तीही माय-लेकरांशी.

म्हणून मी त्या वाहिनीला पत्र लिहिले. उत्तर नाही. दुसरे स्पीड पोस्टाने धाडले. ते पोचल्याची पावती आली, उत्तर नाही. आता तिसरे लिहून तयार आहे. त्यात दहा सेकंदांचा हिशेब आहे, वामन भोसले आहेत, माझे वडीलही आहेत. ते पाठवण्यापूर्वी मात्र ताईला खरे सांगणे भाग होते, कारण पत्रात तिच्या खोलीचा उल्लेख आहे. परवा कोळीवाड्याला गेलो. ती चकलीचे पीठ मळत होती. सगळे सांगितले. ती मळतच राहिली. मला वाटले, आता रडेल किंवा मला तरी फाडून खाईल.

ती म्हणाली, "मग त्या चॅनेलवाल्यांना लिही, पाऊण किलो पेढ्यांचे पैसे पाठवा म्हणून."

पत्रात तो मुद्दाही घातला आहे.